गाजरगवताचें आगमन : एका लोकप्रवादाची परीक्षा

(१) विषयप्रवेश

एका तणाचा इतिहास या त्रैमासिकांत कां यावा, असा प्रश्न वाचकांस पडणें साहजिक आहे. त्याचें उत्तर असें कीं, पुराव्याच्या ज्या कसोट्या आपण राजांच्या व मुत्सद्द्यांच्या चरित्रांस लावतों, त्याच कसोट्या एखाद्या क्षुद्र वनस्पतीच्या वृत्तांतासही लागू पडतात. तशा त्या लाविल्या नाहींत म्हणजे ऐकीव गोष्ट छापली जाते, छापलेली गोष्ट उद्धृत होते, व उद्धृत झालेली गोष्ट प्रमाण म्हणून मिरवूं लागते. गाजरगवताच्या बाबतींत महाराष्ट्रांत नेमकें हेंच घडलें आहे.

पावसाळ्यांत कोणत्याही गडाच्या दरवाज्यापाशीं, पडक्या वाड्याच्या चौकांत, बारवेच्या पायऱ्यांवर किंवा वीरगळांच्या रांगेंत गेलें असतां गाजराच्या पाल्यासारख्या चिरलेल्या पानांचें व बारीक पांढऱ्या फुलांचें कमरेएवढें झुडूप उभें असलेलें दिसतें. शेताचे बांध, रेल्वेच्या कडा, बागांतील वाफे, मोकळीं गांवठाणें, सर्वत्र तें सारखेंच फोफावतें. तें कोठून आलें असें कोणासही विचारा, उत्तर ठरलेलें असतें : 'अमेरिकेनें पी. एल. ४८० च्या करारानें गहूं व मिलो पाठविला, त्यांतून हें बीं आलें.' हा प्रवाद इतका रूढ आहे कीं त्यास कोणी पुरावा मागत नाहीं. प्रस्तुत लेखांत आम्हीं तीन प्रश्नांचा विचार योजिला आहे. ही वनस्पति या देशांत प्रथम केव्हां दिसली. ती धान्याबरोबर आली या म्हणण्यास आधार कितपत आहे. आणि या ऐतिहासिक निर्णयाचा तिच्या निवारणाशीं कांहीं संबंध पोंचतो कीं नाहीं. आमच्या मतें तो पोंचतो, व तेंच दाखविणें हा या लेखाचा मुख्य हेतु आहे.

(२) नांवांचा विचार

या वनस्पतीस लिनीअसनें इ. स. १७५३ च्या आपल्या 'स्पीशीज प्लांटारम' या ग्रंथांत 'पार्थेनियम हिस्टेरोफोरस' असें नांव दिलें. तिचें मूलस्थान मेक्सिकोच्या आखाताभोंवतालचा उष्ण प्रदेश. अर्थात् कोलंबसाच्या १४९२ मधील सफरीपूर्वीं ती भारतांत असण्याचा संभव नाहीं. आणि म्हणून चरक, सुश्रुत, धन्वंतरिनिघंटु किंवा भावप्रकाश यांत तिचा पर्याय शोधणें हा व्यर्थ खटाटोप होय. परदेशांतून आलेल्या वनस्पतीस एखादा जुना संस्कृत शब्द चिकटवून तिला प्राचीनत्व देण्याची खोड आपल्याकडे आहे. तींतून या तणास तरी वगळावें.

हस्तलिखितांच्या संग्राहकांस यांतून एक उपयुक्त सूत्र मिळतें. वैद्यकाच्या एखाद्या बाडांत या वनस्पतीचा निःसंशय उल्लेख असलेला योग आढळल्यास, बाकीचें बाड कितीही जुनें असलें तरी तेवढा मजकूर अलीकडचा, मागाहून घातलेला, असें समजावें. शाई व अक्षर यांची साक्ष जेथें अपुरी पडते, तेथें वनस्पतीची साक्ष उपयोगी पडते.

'गाजरगवत' हें नांव पानांच्या सादृश्यावरून पडलें आहे. परंतु ही वनस्पति गाजराच्या कुळांतील नाहीं व गवतही नाहीं. ती सूर्यफूल व झेंडू यांच्या कुळांतील आहे. हा केवळ शब्दांचा काथ्याकूट नव्हे. गवतवर्गीय तणांवर चालणारें औषध हिच्यावर चालत नाहीं, व हिच्यावर चालणारें 'टू फोर-डी' ज्वारी-बाजरीस न मारतां द्विदल पिकांस मात्र मारतें. 'तण' हा शब्द संस्कृत 'तृण' शब्दापासून आला आहे, पण प्रत्येक तण तृण नसतें, हें शेतकऱ्यानें ध्यानांत ठेवावें.

'काँग्रेस गवत' या दुसऱ्या नांवाच्या दोन उपपत्ति सांगतात. एक, फुलें पांढऱ्या टोपीसारखीं दिसतात म्हणून. दुसरी, काँग्रेस सरकारच्या अमदानींत आलेल्या धान्यांतून हें आलें म्हणून. दोन्ही उपपत्ति एकमेकींस मारक आहेत, आणि दोन्ही मागाहून सुचलेल्या दिसतात. नांवाची उपपत्ति हा आगमनाचा पुरावा होऊं शकत नाहीं. ती फार तर नांव रूढ झालें त्या काळचें लोकमत सांगते. 'चटकचांदणी' हें तिसरें नांव मात्र केवळ रूपावरून पडलेलें व निरुपद्रवी आहे.

(३) कालानुक्रमें पुरावा

येथें पुराव्याच्या एका प्रकाराविषयीं दोन शब्द सांगणें अवश्य आहे. वनस्पतिशास्त्रज्ञ एखादी वनस्पति दाबून, वाळवून कागदावर डकवितात, व त्याखालीं संग्राहकाचें नांव, स्थळ आणि दिनांक लिहितात. असा कागद हा दफ्तरांतील तारीखवार पत्राहून कमी योग्यतेचा नव्हे. उलट, पत्राचा लेखक आपल्या सोयीनें लिहूं शकतो. वाळलेली वनस्पति कोणाचाही पक्ष घेऊं शकत नाहीं.

पहिला पुरावा इ. स. १८१४ चा. कलकत्त्याच्या कंपनी-बागेंतील वनस्पतींची विल्यम रॉक्सबर्ग यानें केलेली यादी 'हॉर्टस बेंगालेन्सिस' या नांवानें त्या सालीं सेरामपूर येथें छापली गेली. ती प्रसिद्ध करणारा विल्यम केरी हा मराठी व्याकरण (१८०५) व मराठी कोश (१८१०) यांचा कर्ता म्हणून आमच्या वाचकांस परिचित आहे. या यादींत पार्थेनियमचा समावेश आहे. म्हणजे पेशवाईच्या अखेरीस ही वनस्पति निदान एका बागेंत तरी या देशांत पोंचली होती.

दुसरा पुरावा इ. स. १८८० चा. जंगलखात्याचा प्रसिद्ध अधिकारी डीट्रिख ब्रांडिस यानें गोळा केलेला या वनस्पतीचा नमुना देहरादून येथील वनसंशोधन संस्थेच्या संग्रहांत आहे.

तिसरा पुरावा पुण्याचा. येथील उकिरड्यांवर ही वनस्पति तुरळक उगवलेली प्रा. परांजपे यांच्या दृष्टीस पडली. या निरीक्षणाचें साल कांहीं लेखक १९५१ देतात, कांहीं १९५५ देतात. हा पाठभेद क्षुल्लक नाहीं. पुढें दिसेल कीं निर्णयाचा एक भाग त्यावरच अवलंबून आहे.

चौथा पुरावा इ. स. १९५६ चा. आर. एस. राव यांनीं मुंबईच्या नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या नियतकालिकांत पुण्याच्या या वनस्पतीचें वर्णन 'भारतांतील नवी नोंद' म्हणून प्रसिद्ध केलें. १८१४ व १८८० चे पुरावे पुढें आले ते त्यानंतर बऱ्याच वर्षांनीं. तोंपर्यंत 'नवी नोंद' या शब्दांचा 'नवें आगमन' असा अर्थ लोकांच्या मनांत पक्का झाला होता. वस्तुतः नोंद नवी असणें व वस्तु नवी असणें या दोन भिन्न गोष्टी आहेत. एखादें पत्र आज छापलें म्हणून तें आज लिहिलें असें कोणी म्हणत नाहीं.

(४) लोकप्रवादाची परीक्षा

आतां धान्याच्या कथेकडे वळूं. अमेरिकेचा पी. एल. ४८० म्हणून ओळखला जाणारा कायदा १० जुलै १९५४ रोजीं झाला. त्यान्वयें भारताशीं पहिला करार २९ ऑगस्ट १९५६ रोजीं झाला. पुण्याच्या निरीक्षणाचें साल १९५१ धरा कीं १९५५ धरा, तें या कराराच्या आधींचेंच आहे. जी वनस्पति उकिरड्यावर उगवून विद्वानांच्या दृष्टीस पडली, ती पुढल्या वर्षीं व्हावयाच्या करारानें आलेल्या गव्हांतून आली, असें म्हणणें म्हणजे कार्यास कारणापूर्वीं जन्म देणें होय. अतएव प्रवाद ज्या रूपानें सांगितला जातो त्या रूपानें तो टिकत नाहीं.

परंतु येथेंच थांबणें हें एकांगीपणाचें होईल. पी. एल. ४८० च्या पूर्वींही अमेरिकेचें धान्य या देशांत आलें होतें. जून १९५१ मध्यें अमेरिकेनें भारतासाठीं १९ कोटी डॉलर कर्जाचा कायदा केला, व त्यांतून सुमारें २० लक्ष टन धान्य यावयाचें ठरलें. पूर्वपक्ष म्हणेल, 'कराराचें नांव चुकलें असेल, पण धान्य खरें.' या आक्षेपाचें उत्तर उपर्युक्त पाठभेदांत आहे. निरीक्षण १९५५ चें असेल, तर १९५१ च्या कर्जांतील धान्यापासून उकिरड्यावरील झुडपापर्यंत चार वर्षांचें अंतर पडतें, व तें पुरेसें आहे. निरीक्षण १९५१ चें असेल, तर जूनमधील कायदा, मग जहाजें, मग बंदर, मग पुण्याचें दुकान, मग चाळणीतला केर व मग उकिरडा, एवढा प्रवास त्याच वर्षांत बसविणें अवघड आहे. म्हणून धान्यमार्ग संभाव्य आहे, सिद्ध नाहीं, आणि पी. एल. ४८० चें नांव घेऊन सांगितलेला धान्यमार्ग तर असिद्धच आहे. १९५६ नंतरच्या धान्यांतून नवें बीं येऊन आधींच्या उपद्रवांत भर पडली असणें शक्य आहे. पण भर पडणें म्हणजे आरंभ नव्हे.

शेजारच्या खंडांतील एक दाखला तुलनेस घेण्याजोगा आहे. ऑस्ट्रेलियांतील क्वीन्सलंड प्रांतांतही या तणाची पहिली नोंद १९५५ मधीलच आहे. तेथें पुढें जो मोठा उपद्रव झाला त्याचा उगम अमेरिकेंतून आणलेल्या कुरणाच्या गवताच्या बियाण्यांत सांपडतो. म्हणजे भुकेल्यांचें अन्न हेंच एक वाहन नव्हे. बियाणें, यंत्रें, गवताच्या पेंढ्या, मालाभोंवतीं भरलेला पेंढा, यांपैकीं कशांतूनही एवढें बारीक बीं प्रवास करूं शकतें.

(५) प्रसाराचें खरें कारण

१८१४ ची बागेंतील वनस्पति व १९५५ चें उकिरड्यावरील झुडूप यांमध्यें अखंड वंश दाखविणारा पुरावा नाहीं, आणि तो आहे असें आम्ही म्हणत नाहीं. परंतु एवढें निश्चित कीं, केवळ देशांत येणें उपद्रवास पुरेसें नव्हतें. एकोणिसाव्या शतकांत दोन वेळां नोंद होऊनही जी वनस्पति शेतकऱ्याच्या गांवींही नव्हती, तीच १९५५ नंतरच्या वीस वर्षांत दख्खनभर पसरली. १९६८ च्या सुमारास पुण्याच्या वैद्यांनीं हिच्या स्पर्शानें होणाऱ्या त्वचारोगाची नोंद केली; १९७५ मध्यें कर्नाटक सरकारनें कायद्यानें हिला उपद्रवी तण ठरविलें. तेव्हां 'कोणी आणलें' यापेक्षां 'कशानें पसरलें' हा प्रश्न अधिक महत्त्वाचा ठरतो.

त्याचें उत्तर वनस्पतीच्या जीवनक्रमांत व आपल्या व्यवहारांत मिळून सांपडतें. रोप उगवल्यापासून महिना-दीड महिन्यांत फुलावर येतें. एका झुडपास १५,००० ते २५,००० पर्यंत बीं धरतें. ओल मिळाल्यास वर्षांत तीन-चार पिढ्या होतात. बीं अत्यंत हलकें असून वाऱ्यावर उडतें, पाण्यावर तरंगतें व चिखलाबरोबर चाकास चिकटतें. मुळांतून व पानांतून स्रवणारीं द्रव्यें शेजारच्या रोपांची उगवण खुंटवितात. गुरें तें सहसा खात नाहींत; खाल्लेंच तर दुधास कडवट वास येतो. आणि मूलस्थानीं त्यास खाणारे जे कीटक होते ते समुद्र ओलांडून बरोबर आले नाहींत.

यास आपण काय साहाय्य केलें? रस्ते, कालवे व धरणें यांसाठीं जमीन उकरून मोकळी टाकिली. चराऊ रानें अति चारून उघडीं केलीं. फुलावर आलेलें तण उपटून उकिरड्यांत टाकिलें व तोच उकिरडा खत म्हणून शेतांत नेला. रोपवाटिकेची माती गांवोगांव वाहिली. फुलांच्या गुच्छांत भरीस म्हणून याच्याच फांद्या घातल्या. 'तण खाई धन' ही म्हण ज्यांच्या तोंडीं होती, त्यांनींच तणास गाडीभाडें न घेतां फिरविलें. परक्या जहाजावर सर्व दोष घालण्यांत एक सोय असते : जें सरकारनें आणलें तें सरकारनेंच न्यावें, असें म्हणून आपला बांध तसाच ठेवतां येतो. प्रवादाचा खरा अपाय हा आहे.

(६) निवारणाचा इतिहास

परदेशी वनस्पतीवर तिचाच शत्रु सोडण्याचा प्रयोग या देशास नवीन नाहीं. इ. स. १७९५ मध्यें कॅप्टन नेल्सन यानें ब्राझिलांतील रिओ द जानेरो येथून किरमिजी रंगाचा कीटक कलकत्त्यास आणला. उद्देश रंगाच्या व्यापाराचा होता. परंतु खरा रंग देणाऱ्या कीटकाऐवजीं त्याच्या जातीचा दुसराच कीटक आला. रंग हलका निघाला, पण त्या कीटकानें उत्तरेकडे फड्या निवडुंगाची एक जात जवळजवळ खाऊन टाकिली, व पुढें दक्षिणेंतही तेंच झालें. फड्याच्या इतर जातींस मात्र त्यानें तोंड लाविलें नाहीं. त्या जातींसाठीं १९२६ मध्यें सिलोनहून निराळा कीटक आणावा लागला, आणि मग थोड्याच वर्षांत दक्षिणेंतील निवडुंगाचीं रानें मोकळीं झालीं.

आपल्या भाषेंत 'निवडुंग' या एकाच शब्दाखालीं वैद्यकांतील स्नुही व अमेरिकेचा फड्या हे दोन्ही येतात, आणि फड्यांतही अनेक जाती आहेत. शब्दानें जो भेद पाळला नाहीं तो कीटकानें पाळला. ओळख आधीं व उपाय मागाहून, हा यांतला धडा.

गाजरगवतावर हाच मार्ग १९८३ मध्यें स्वीकारण्यांत आला. मेक्सिकोहून 'झायगोग्रामा बायकोलोराटा' नांवाचा पानें खाणारा भुंगेरा आणून बंगळूर येथें परीक्षा झाली, व १९८४ मध्यें तो मोकळा सोडण्यांत आला. पुढें तो सूर्यफुलाच्या पानांवर आढळल्यामुळें मोठा वाद माजला व चौकशी झाली. सूर्यफुलावर तो आपली प्रजा वाढवूं शकत नाहीं, असें अखेर ठरलें. पावसाळ्यांत जेथें भुंगेऱ्यांची संख्या पुरेशी वाढते तेथें झुडपें निष्पर्ण होतात. परंतु कोरड्या दिवसांत तो जमिनींत दडून बसतो, आणि त्या अवधींत ओलिताच्या जागीं तण पुन्हां डोकें वर काढतें. तो साहाय्यक आहे. एकटा पुरेसा नाहीं.

दुसरा उपाय प्रतिस्पर्धी वनस्पतीचा. टाकळ्याचें बीं पावसाळ्याच्या तोंडीं पडीत जागेंत फेकलें असतां तो दाट उगवून गाजरगवताच्या रोपांस दडपतो. हा टाकळा म्हणजे निघंटूंतील चक्रमर्द. त्याचा एक पर्याय 'दद्रुघ्न', म्हणजे गजकर्णाचा नाश करणारा. गजकर्ण व गाजरगवताचा त्वचारोग हे भिन्न आहेत. तथापि त्वचारोगावर प्रसिद्ध असलेली वनस्पति त्वचारोग देणाऱ्या तणाची वैरीण निघावी, हा योगायोग नमूद करण्यासारखा खरा. बागांच्या कडेस झेंडूही याच कामीं येतो.

तिसरा उपाय मिठाच्या पाण्याचा. शेंकडा १५ ते २० प्रमाणाचें मिठाचें पाणी फवारल्यास पडीत जागेंतील झुडपें करपतात. परंतु हा उपाय शेतांत करूं नये, आणि शिलालेख, वीरगळ, मंदिरें व तटबंदी यांच्या जवळ तर मुळींच करूं नये. मीठ दगडाच्या छिद्रांत शिरून सुकतांना त्याचे स्फटिक होतात व दगडाचा पृष्ठभाग पापुद्र्यांनीं सुटतो. तण घालवितांना अक्षरें गेलीं तर लाभ कोणता? त्याच कारणास्तव अशा ठिकाणीं तण जाळणेंही वर्ज्य समजावें.

सर्वांत जुना व सर्वांत खात्रीचा उपाय हातानें उपटण्याचा. पण तो वेळेवर केला तरच. फूल येण्यापूर्वीं, जमीन ओली असतां, मुळासकट उपटावें. हातमोजे घालावे, नाकातोंडावर फडकें बांधावें. ज्यांस पूर्वीं कंड किंवा दमा झाला असेल त्यांनीं या कामापासून दूर राहावें, कारण प्रत्येक स्पर्शानें विकार बळावतो. गडांच्या स्वच्छतेस उत्साही तरुण जातात व उघड्या हातांनीं हें काम करतात, त्यांस हें आवर्जून सांगितलें पाहिजे. फुलापूर्वीं उपटलेल्या रोपांचें खड्ड्यांत उत्तम खत होतें. फुलावर आलेलें झुडूप मात्र ओढीत नेऊं नये. जागच्या जागीं पोत्यांत भरावें. बीं जमिनींत कित्येक वर्षें जिवंत राहतें, म्हणून एका वर्षाच्या श्रमानें निराश होऊं नये. जबलपूर येथील तणसंशोधन संस्था दर ऑगस्टांत गाजरगवताविषयीं जागृतीचा सप्ताह पाळते. तो काळ उपटण्यासही योग्य आहे.

(७) निष्कर्ष व विनंति

वरील विवेचनावरून पुढील गोष्टी निष्पन्न होतात. (अ) गाजरगवत भारतांत निदान १८१४ पासून ज्ञात आहे. १९५६ ची नोंद ही पहिल्या आगमनाची नव्हे. (आ) पी. एल. ४८० च्या धान्यांतून तें प्रथम आलें हा प्रवाद कालदृष्ट्या असंभाव्य आहे. (इ) त्यापूर्वींच्या धान्यांतून पुण्यास येणें शक्य आहे, पण सिद्ध नाहीं. (ई) प्रसाराचें कारण आगमनांत नसून उघड्या जमिनींत व आपल्या हातांनीं झालेल्या बियांच्या वाहतुकींत आहे. म्हणून निवारणाचा आरंभही प्रत्येकाच्या बांधापासूनच झाला पाहिजे.

(इ) चा निर्णय अद्याप कागदांवर होऊं शकेल. १९४५ ते १९५६ या काळांतील धान्यदुकानांच्या वह्या, रेशनिंगच्या गोदामांचीं टिपणें, रेल्वेच्या मालाच्या पावत्या, शाळा-महाविद्यालयांतील विद्यार्थ्यांनीं वनस्पति डकविलेल्या वह्या, पुण्याच्या पेठांतील मोकळ्या जागांचीं छायाचित्रें, हीं सर्व या प्रश्नाचीं साधनें होत. अशा वस्तु जुन्या म्हणून जपण्याइतक्या जुन्या नाहींत व नव्या म्हणून वापरण्याइतक्या नव्या नाहींत. त्यामुळें त्याच आधीं रद्दींत जातात. ज्या सभासदांच्या संग्रहीं किंवा शेजारीं त्या असतील त्यांनीं दिनांक व स्थळ यांसह त्यांची नक्कल पाठवावी. १९५१ कीं १९५५, या एका पाठभेदाचा निकाल लावणारें वाळलेलें एक पानही आम्हांस एखाद्या सनदेइतकेंच मोलाचें वाटेल.